मेल्बा लिस्टन: ट्रॉम्बोन सुटला, की सोडायला लागला?

कोपऱ्यातला श्रोता

गेला आठवडाभर लोकलमध्ये जाता-येता एकच रेकॉर्ड ऐकतोय. रँडी वेस्टन या अमेरिकन पियानोवादकाची ‘उहुरू आफ्रिका’. १९६० साली आफ्रिकेतले देश एकामागून एक स्वतंत्र होत होते, तेव्हा न्यूयॉर्कमध्ये मुद्रित झालेली. उहुरू म्हणजे स्वाहिलीत स्वातंत्र्य. शब्द कवी लँग्स्टन ह्यूजचे. पुढे दक्षिण आफ्रिकेच्या गोऱ्या सरकारने तिच्यावर बंदी घातली, म्हणजे नेम बरोबर लागला होता.

चाली वेस्टनच्या. पण त्या एवढ्या मोठ्या ताफ्यासाठी बसवल्या, म्हणजे ट्रंपेट कधी घुसणार, त्याखाली काय सरकणार, कोण किती वेळ गप्प राहणार हे सगळं कागदावर उतरवलं ते मेल्बा लिस्टनने. आता मौज बघा. रेकॉर्डवर तीन ट्रॉम्बोन आहेत: क्विंटिन जॅक्सन, जिमी क्लीव्हलंड आणि स्लाइड हॅम्प्टन. मेल्बा स्वतः ट्रॉम्बोनवाली, सातव्या वर्षी वाद्य हातात घेतलेली. आणि वाजवणाऱ्यांत ती नाही!

थोडक्यात ओळख: जन्म १३ जानेवारी १९२६, कॅन्सस सिटी. १९३७ साली लॉस एंजलिसला. सोळाव्या वर्षी वादकांच्या युनियनचं कार्ड आणि लिंकन थिएटरमध्ये नोकरी. मग जेराल्ड विल्सन, डिझी गिलेस्पी, क्विन्सी जोन्स असे एकाहून एक बँड. २३ एप्रिल १९९९ला लॉस एंजलिसलाच गेली. स्वतःच्या नावावर रेकॉर्ड एकच.

एवढी वादक लोकांसाठी कागद लिहीत का बसली? मला वाटतं बाईला वाद्य वाजवू दिलं नाही, लिहू दिलं. लिहिणारा दिसत नाही ना! तुमचं काय मत?

तिरकस

पयला!

ट्रॉम्बोन म्हणजे ती लांब नळी पुढेमागे करतात तेच ना? आमच्या चुलतभावाच्या वरातीत एकाने नळी पुढे केली ती थेट मामांच्या फेट्यात. फेटा नळीला, नळी हवेत, मामा ‘अरे अरे’ करत बँडच्या मागे.

पाणीपुरी_प्रेमी

तिरकस :ड

धागा वाचते आहे. जॅझ मला कळत नाही, पण भांडण होणार असेल तर बसते.

बँडवाल्याचा नातू

मामांची चूक. नळीसमोर उभं राहायचं नसतं हे बँडमधल्या पोराला पहिल्या दिवशी सांगतात.

आमच्या आजोबांचं पथक होतं मिरजेला. रांगेत चालताना ट्रॉम्बोन सगळ्यांच्या पुढे. मान म्हणून नव्हे, पुढे कुणी असेल तर त्याच्या पाठीत बसतो म्हणून. गल्ली अरुंद लागली की आजोबा नळी खाली, जमिनीकडे करून वाजवायचे. लोकांना वाटायचं काय ती ऐट! नळीला पोचा पडायला नको म्हणून चाललेली धडपड असायची. बाकी कुठे पोचा पडला तर वाद्य वाजतं. सरकत्या नळीला जोंधळ्याएवढा पोचा पडला तरी ती अडकते आणि सूर तिथेच मुका होतो.

आणखी एक. वाजवून झालं की खालच्या बाजूची चावी दाबून पाणी काढतात. बघणारे म्हणतात थुंकी. आजोबा चिडायचे, ‘वाफ आहे ती, वाफ!’

मेल्बाबाईंचं नाव आजच ऐकलं. बायकांना आमच्या पथकात कुणी घेतलं नसतं, हे कबूल करतो.

अनुस्वार

नातू, झकास प्रतिसाद. त्याला जोडून थोडी तांत्रिक भर.

ट्रंपेटला तीन चाव्या असतात, दाबली की ठरावीक सूर. ट्रॉम्बोनच्या नळीवर खुणाच नाहीत. सात जागा असतात आणि त्या कानाने आणि हाताच्या सवयीने शोधायच्या. एक जागा पुढे गेलं की सूर अर्ध्या स्वराने उतरतो. सातवी जागा म्हणजे मोठ्या माणसाचाही हात जवळजवळ सरळ होतो. सात वर्षांच्या मुलीचा तिथवर पोचतो कसा? नाहीच पोचत. मेल्बा वयाच्या मानाने उंच होती, तरी मान एका बाजूला कलती करून, वाद्याच्या शेजारून हात लांबवून ती त्या जागा गाठायची. शिकवायला कुणी नव्हतं. तिचे आजोबा गिटार वाजवायचे, त्यांच्यासोबत ओळखीची गाणी काढत बसायची. आठव्या वर्षी गावच्या रेडिओवर एकटीने वाजवलंसुद्धा.

बरं, ट्रॉम्बोनच का? दिसला आणि सुंदर वाटला म्हणून. आईने घेऊन दिला. तेही मंदीच्या काळात.

रानजाई

अनुस्वार, ‘सुंदर वाटला म्हणून’ हे फार आवडलं. आपल्याकडे मुलीने सतार मागितली तरी ‘हार्मोनियमने सुरुवात कर’ म्हणतात.

वस्तुनिष्ठ

धागाकर्त्याशी असहमत. प्रत्येक गोष्टीत अन्याय शोधायची आपल्याला सवय लागली आहे.

मेल्बाला एकटीने वाजवायला, म्हणजे सोलो घ्यायला, लहानपणापासून धास्ती वाटायची. १९४७ साली सॅक्सोफोनवादक डेक्स्टर गॉर्डनने तिला ध्वनिमुद्रणाला बोलावलं. गॉर्डन तिच्या ओळखीतला, लॉस एंजलिसमध्येच वाढलेला. तिच्यावरून एका रचनेला ‘मिस्चिव्हस लेडी’ असं नावही दिलं. तरी ती घाबरलेलीच होती. लिहिणं मात्र तिला शाळकरी वयापासून आवडायचं. जेराल्ड विल्सनच्या बँडमध्ये ती विशीच्या आत स्वरलेखन करत होती. ज्याला जे आवडतं ते त्याने केलं. यात सोडायला कोणी लावलं?

तिरकस

आला आला, वस्तुनिष्ठ आला. पापु, पुऱ्या तळायला घे.

पाणीपुरी_प्रेमी

तेल तापलंय.

रानजाई

वस्तुनिष्ठ, धास्ती कशामुळे येते हेही बघा की.

विल्सनचा बँड फुटल्यावर ती गिलेस्पीच्या बँडमध्ये गेली. तिथल्या एका खेपेला वादक तोंडावर कुरकुरले, ही बाई एवढ्या लांबून कशाला मागवलीस म्हणून. हे तिनेच पुढे सांगितलंय. गिलेस्पीने तिला म्हटलं, तू लिहून आणलेलं काढ आणि वाट सगळ्यांना. एकेकाची दोन ओळींत दांडी उडाली. कुरकुर थांबली आणि मग तिची सगळ्यांनी काळजीही घेतली म्हणे.

ट्रॉम्बोन वाजवून दाखवून तोंडं बंद झाली नाहीत, कागद वाटल्यावर झाली! मग माणूस पुढच्या वेळी काय घेऊन जाईल, वाद्य की कागद?

मिशिगनची मिसळ

रानजाई +१.

आणि तो १९४९चा दौरा. बिली हॉलिडे गाणार, साथीला विल्सनने नव्याने जमवलेला बँड, त्यात मेल्बा. दक्षिणेतली राज्यं. प्रेक्षक आले नाहीत, पैसे संपले, दौरा मधेच कोलमडला. काळ्या वादकांना तिथे हॉटेलात खोली नाही, खाणावळीत पान नाही, आणि त्यात ती बाई. दौऱ्यांवर बाई म्हणून जे अत्याचार सोसले त्याबद्दल ती पुढे मुलाखतीत स्पष्ट बोलली आहे. मी इथे तपशील लिहीत नाही.

परत आली आणि वाद्य ठेवून दिलं. लॉस एंजलिसच्या शिक्षण मंडळात कारकुनी केली काही वर्षं. विशीतली, गिलेस्पीच्या बँडमध्ये वाजवलेली मुलगी फाइली लावत होती. याला ‘ज्याला जे आवडतं’ म्हणायचं का, वस्तुनिष्ठ?

वस्तुनिष्ठ

दौऱ्याचं मला माहीत नव्हतं. ते वाईटच. मागे घेत नाही, पण थोडा गप्प बसतो.

तिरकस

तारीख लिहून ठेवा रे कुणीतरी.

लेखणीबहाद्दर

त्याच काळात तिने सिनेमात एक्स्ट्राची कामं केली हे वाचून हसू आलं होतं. ‘द प्रॉडिगल’मध्ये लाना टर्नरच्या आसपास हार्प छेडत फिरते, आणि ‘द टेन कमांडमेंट्स’मध्ये राजवाड्यातल्या वाजंत्र्यांत आहे. हॉलिवूडला ट्रॉम्बोन वाजवणारी काळी बाई दाखवणं जमलं नसतं, पण प्राचीन काळातली हार्पवाली चालली.

मांडवीकर

धाग्याच्या मूळ मुद्द्यावर गोव्याकडून एक बाजू मांडतो. अवांतर वाटलं तर सांगा.

चाल एकाची, बांधणी दुसऱ्याची आणि पाटीवर पहिल्याचंच नाव, हे आपल्या हिंदी सिनेमात रोजचं होतं. शंकर-जयकिशनकडे सेबॅस्टियन डिसोझा. सी. रामचंद्रांकडे चिक चॉकलेट, म्हणजे हळदोण्याचे आंतोनियो वाझ, ते तर स्वतः मुंबईच्या हॉटेलांत बँड चालवणारे नावाजलेले ट्रंपेटवाले. फ्रँक फर्नांड. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस, ज्यांच्याकडे प्यारेलाल व्हायोलिन शिकले. हे सगळे पुरुष. त्यांना कुणी ‘तू दिसू नको’ म्हटलं नव्हतं. तरी दिसले नाहीत. बांधणी करणारा मागेच राहतो, बाई असो वा बुवा. शीर्षकांत नाव आलंच तर सहायक म्हणून.

त्यामुळे मेल्बाची गोष्ट निव्वळ बाईपणाची नाही असं मला वाटतं. थोडी त्या कामाचीही आहे.

तिरकसांसाठी: राहुलदेव बर्मनच्या वाद्यवृंदात ब्लास्को मॉन्सोरेट ट्रॉम्बोन वाजवायचे. तेव्हा ‘वरातीतलं वाद्य’ म्हणण्याआधी जरा दमानं.

तिरकस

दंडवत. फेटा काढून.

बँडवाल्याचा नातू

वरातीतलं वाद्य म्हणण्यात कमीपणा काय आहे पण?

मांडवीकर

नाही हो नातूसाहेब, तसं नव्हतं म्हणायचं. चुकलं. आमच्याकडेही फेस्ताला तेच वाद्य रस्त्यावर वाजतं.

अनुस्वार

मांडवीकरांचा मुद्दा वजनदार आहे, पण एक फरक. सेबॅस्टियन डिसोझांना मागे राहूनही काम सतत मिळत होतं. मेल्बाला दर काही वर्षांनी शून्यापासून सुरुवात करावी लागली.

१९५६ला गिलेस्पीने तिला परत बोलावलं. अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याने पहिल्यांदाच एक जॅझ बँड सरकारी खर्चाने परदेशी धाडला, तो हा. अबादान, ढाका, कराची, दमास्कस, बैरूत, अंकारा, इस्तंबूल, बेलग्रेड, अथेन्स. त्या बँडमध्ये क्विन्सी जोन्स ट्रंपेटवर होता, फिल वुड्स सॅक्सोफोनवर. मेल्बाने त्यासाठी ‘स्टेला बाय स्टारलाइट’, ‘माय रेव्हरी’ अशा बांधण्या केल्या आणि ट्रॉम्बोनच्या रांगेत बसून वाजवलंही. कारकुनी करून आलेली बाई, थेट सरकारी राजदूत!

लेखणीबहाद्दर

ढाका झालं, कराची झालं, आणि मधली मुंबई गाळली? मेल्बा लिस्टन मुंबईत वाजवून गेली असती तर आज आमचे काका ‘मी स्वतः ऐकलंय’ म्हणून दर दिवाळीला सांगत बसले असते. ते अमेरिकन पियानोवादक डेव्ह ब्रुबेकचं सांगतात, १९५८चं. खरं की खोटं देव जाणे, तेव्हा ते सहा वर्षांचे होते.

मिशिगनची मिसळ

लेब, काकांना घेऊन या इथे.

त्या दौऱ्याचे शिक्के तिच्या मुद्रणांवरही उमटलेत. एका तुकड्याच्या नावात सीरिया आहे आणि एकाच्या नावात अबादान, दोन्ही शाब्दिक कोट्या. तिची एकुलती एक रेकॉर्ड म्हणजे १९५८ची ‘मेल्बा लिस्टन अँड हर बोन्स’. बोन्स म्हणजे ट्रॉम्बोन, वादकांच्या बोलीत. बेनी ग्रीन, अल ग्रे, बेनी पॉवेल, जिमी क्लीव्हलंड, फ्रँक रेहॅक, स्लाइड हॅम्प्टन, त्या काळचे सगळे खंदे ट्रॉम्बोनवाले आणि मधोमध ही. नक्की ऐका. तिचा सूर दांडगा नाही. गोल, किंचित जाड, घाई नसलेला. बाकीचे जिथे चार सूर टाकतात तिथे ती एक टाकते आणि थोडा लांबवते.

वस्तुनिष्ठ म्हणतात तशी धास्ती मला तरी त्यात ऐकू आली नाही.

रानजाई

आत्ता ऐकलं. मिसळताई, हे ऐकून तर आणखी राग आला. एकच का मग?

कोपऱ्यातला श्रोता

सगळ्यांचे आभार. दोन दिवस ऑफिसने पिळून काढलं, आज बसलोय.

रानजाई, एकच का, याला एक उत्तर क्विन्सी जोन्सच्या बँडमध्ये सापडतं. १९५९ला तो ‘फ्री अँड इझी’ नावाचं संगीतक घेऊन युरोपात गेला, मेल्बा बँडमध्ये होती. संगीतक बंद पडलं आणि अख्खा बँड परदेशात अडकला. महिनोन्‌महिने मिळेल तिथे कार्यक्रम करत फिरले. बघा, दुसऱ्यांदा हाच अनुभव. ट्रॉम्बोन घेऊन बाहेर पडलं की रस्त्यात अडकायचं, पैसे बुडायचे. घरी बसून लिहिलं तर पानामागे पैसे मिळतात. साठच्या दशकात ती मोटाऊन या रेकॉर्ड कंपनीसाठीही लिहीत होती, ते काय हौसेने?

म्हणजे मी पहिल्या पोस्टमध्ये लिहिलं ते अर्धंच होतं. पोटाचा भाग मी धरलाच नव्हता.

वस्तुनिष्ठ

परत आलो. श्रोता, हेच मला म्हणायचं होतं, फक्त मला नीट म्हणता आलं नाही.

आणि एक नवी काडी. ‘उहुरू आफ्रिका’त ती वाजवत नाही म्हणून आपण हळहळतोय. पण ते ऐकताना तुमच्या कानात कोण राहिलं? पहिलं पोस्ट लिहिणाऱ्याच्या कानात तर मेल्बाच राहिली, वाजवणारे तिघे फक्त नावाला आले. वेस्टन पियानोवर चाल वाजवणार, ती ऐकून घेणार, आणि त्यातून एवढी मोठी इमारत उभी करणार. वेस्टन साडेसहा फुटांहून उंच माणूस, आणि आयुष्यभर सांगत राहिला की माझं संगीत या बाईने उभं केलं. हे ट्रॉम्बोनच्या सोलोपेक्षा कमी आहे असं आपण का धरून चाललोय?

रानजाई

कमी नाही. पण ‘हे मोठं आहे’ म्हणजे ‘ते तिने स्वखुशीने सोडलं’ असं होत नाही.

अनुस्वार

दोघांच्या मध्ये जमैका ठेवतो.

१९७३ला ती जमैकाला गेली ती सहा वर्षं राहिली. किंग्स्टनच्या संगीतशाळेत शिकवलं, विभाग उभा केला. तिथल्या ‘स्माइल ऑरेंज’ या सिनेमाला संगीत दिलं. वादक म्हणून अमेरिका तिला विसरत चालली होती. १९७९ला कॅन्सस सिटीच्या महिला जॅझ महोत्सवाचं बोलावणं आलं, आणि पन्नाशी उलटलेली ही बाई परत आली ती स्वतःचा बँड काढायला! ‘मेल्बा लिस्टन अँड कंपनी’. सुरुवातीला सगळ्या बायकाच.

ज्याला वाजवायचंच नसतं तो त्या वयात बँड काढत नाही. माझं मत रानजाईंकडे झुकलंय.

मिशिगनची मिसळ

आणि १९८५ला पक्षाघात.

अंगाची एक बाजू गेली. ट्रॉम्बोनला एक हात धरायला लागतो आणि एक सरकवायला. तिथे संपलं ते. श्रोता, तुमच्या शीर्षकाचं खरंखुरं उत्तर या एका वर्षात आहे: तोवर ट्रॉम्बोन अनेकदा बाजूला पडला, सुटला कधीच नव्हता.

मग ती संगणकावर लिहायला शिकली. १९९१ची वेस्टनची ‘द स्पिरिट्स ऑफ अवर अँसेस्टर्स’ काढून ऐका. ही बांधणी त्या अवस्थेत केलेली. ऐकून ओळखून दाखवा.

पाणीपुरी_प्रेमी

भांडण बघायला बसले होते, पुऱ्या गार झाल्या. तो बोन्सवाला रेकॉर्ड लावलाय, लेक विचारते आहे हत्ती आहे का.

तिरकस

लेकीला सांग, हत्तीच. फक्त शिकलेला.

लेखणीबहाद्दर

वाचनखूण साठवली.

काकांना विचारलं. ब्रुबेक ऐकला म्हणतायत, पण आता ‘रेडिओवर’ म्हणतायत.

कोपऱ्यातला श्रोता

तिच्या हातची स्वरलेखनाची बाडं पुढे शिकागोच्या कोलंबिया कॉलेजकडे गेली. अभ्यासकांनी ती उघडून बघितली. शिकागोचं कुणी आहे का इथे? असाल तर व्यक्तिगत निरोप करा.

मिसळताई, शीर्षक बदलायला हवं हे मान्य. पण संपादनाची मुदत संपली.

बँडवाल्याचा नातू

या धाग्यामुळे काल माळ्यावरून आजोबांचा ट्रॉम्बोन खाली काढला. पितळ काळं पडलंय, पण पुढचा घंटेसारखा कर्णा शाबूत. नळी मात्र घट्ट बसलीये, तसूभर सरकत नाही. वीसेक वर्षं कुणी हात लावला नसेल. दोघांनी धरून ओढावी म्हणतो.

अनुस्वार

ओढू नका!! दोघांनी तर अजिबात नाही. नळी वाकली तर कायमची गेली. आधी कुलूप बघा, तोंडाजवळच्या बाजूला एक फिरणारी कडी असते. ती बंद राहून लोक तासन्‌तास झटापट करतात.

बँडवाल्याचा नातू

कडी उघडीच आहे.

मांडवीकर

मग गंज सोडवणारं पातळ तेल दोन्ही सांध्यांवर थेंबथेंब सोडा आणि रात्रभर उभा ठेवा, नळीचं टोक खाली करून. सकाळी हलक्या हाताने फिरवून बघा, ओढून नाही. सुटली की साबणाच्या कोमट पाण्याने आतून धुवा. तेल तसंच ठेवून फुंकलंत तर पोटात जाईल.

बँडवाल्याचा नातू

तेल घातलं. दाराआड उभा ठेवलाय. आईने त्यावर टॉवेल वाळत टाकला.

तिरकस

सुटली का?

बँडवाल्याचा नातू

एक बाजू हलली. दुसरी नाही. आज परत तेल.